पहिल्या रांगेतलं हसू

आरमोरी, १८ नोव्हेंबर २०२४

चि. सौ. नंदिनीस अनेक आशीर्वाद.

तक्रार गंभीर आहे. तुझ्या पत्रात शेळीला 'आमची लाडकी' आणि संस्कृत शिकवणाऱ्या थोरल्या भावाला नुसतं 'भाऊ'. हा क्रम कोणत्या शास्त्रातला, ते कळव.

आता धाकट्याचं. लकव्याने धनराजचं तोंड वाकडं झालं, हे तुला ठाऊक आहेच. डॉक्टर म्हणाले की दोन तास आधी आणलं असतं तर बरंच वाचलं असतं. वीस वर्षं झाडीपट्टीच्या नाटकांत लोकांना हसवणारा माणूस आता याच तोंडाने उभा राहायचं म्हणतो. विकृत आकार आणि वाणी यांतून हास्य उपजतं, असं नाट्यशास्त्र सांगतं. तो फोनवर म्हणे, मग रंगरंगोटी तरी वाचली. तू त्याला समजाव. लोभ आहेच, शेळीच्या खालोखाल चालेल.

तुझा, हरिदास

सिरोंचा, २७ नोव्हेंबर २०२४

ती. हरिदासभाऊले सा. न. वि. वि.

धनराजशी फोनवर बोलली. त्याले म्हटलं, घरी बस. तो म्हणे, लोक हासले तर मी जिता, कीव केली तर मेलो. समोरच्या रांगेत तू पाहिजेस म्हणे, तुझ्याच हासण्यानं त्याले जोर येते. पण दवाखान्यातून आल्यापासून तू त्याच्या घरी गेलाच नाईस. चार घरं सोडून तर राह्यतोस, काऊन? लकवा मारला त्या दिवशी तालमीत तू होतास ना? मग दोन तास कसे गेले? शास्त्र नको सांगू, सरळ लिही. माया आहे म्हणूनच रागावून राह्यली.

तुझी बहीण, नंदिनी

आरमोरी, ५ डिसेंबर २०२४

चि. सौ. नंदिनीस आशीर्वाद.

होतो. दुपारी तालीम चालू होती. त्याचा ओठ एकाएकी ओघळला, शब्द बोबडे झाले, हातातला लोटा पडला. पेटीवाला लटारू पोट धरून हसला आणि म्हणाला, धनराजभाऊ, हे असंच ठेवजा. धनराजने डाव्या हाताने काही खूण केली. आम्हाला तीही नक्कल वाटली. पुन्हा करून दाखव, असं मीच म्हटलं. त्याने प्रयत्न केला. तो भिंतीला टेकून खाली बसला, तरी आम्ही हसतच होतो, आणि मग त्याला झोप लागली समजून चहा घेत बसलो. शास्त्रात हास्याचे सहा प्रकार आहेत. आमचं त्यांपैकी कोणतं, ते मी रोज पोथी उघडून शोधतो.

त्याला त्या दुपारचं काहीच आठवत नाही. रविवारी पहिला प्रयोग आहे. मी जाईन, त्याने सांगितलंय तिथेच बसेन. पण माझं हसणं कानावर पडलं की त्याला सगळं आठवेल, याची मला भीती वाटते.

माया कमी करू नकोस.

हरिदास