कलम एकतीस आणि तीन ट्रक माती

१२ डिसेंबर, सकाळी ६.१०

काय घडलं, ते क्रमाने. मत नाही, फक्त नोंद.

१. समुद्राकाठच्या कालिवांगीत आमचं घर आहे. मालकीचा दाखला आईच्या नावावर.
२. सप्टेंबरात संसदेने किनारा कायदा मंजूर केला. त्याच्या कलम ३१ प्रमाणे, ज्या जमिनीवर भरतीचं पाणी सलग एक वर्ष उभं राहील, ती 'नष्ट जमीन'. नष्ट जमिनीवर कुणाचाही हक्क उरत नाही.
३. ४ डिसेंबरला जमीन कार्यालयाची माणसं आली आणि गल्लीतल्या भिंतींवर लाल रंगाने आकडे घालून गेली. आमचा सतरा.
४. काल भरती १.०५ मीटर. आमची फरशी १.०२. घरात तीन सेंटिमीटर पाणी, चार तास.
५. आईने भरावासाठी मातीवाल्या पाक रोजिकिनना तीन ट्रक माती सांगितली.
६. मी ती रद्द केली.

१२ डिसेंबर, रात्री

सहाव्या नोंदीचं कारण लिहून ठेवते.

मी सर्व्हेअर आहे. सेमारांगमधल्या कंपनीत सहा वर्षं. सहा वर्षांत वहीतली एकही नोंद खोडलेली नाही. राजधानीतलं घटना न्यायालय संसदेचा कायदा रद्द करू शकतं, आणि तिथे कोणताही नागरिक वकिलाशिवाय अर्ज करू शकतो. त्यासाठी पुरावा लागतो. मोजणी चालू असताना मोजायची वस्तू हलवत नाहीत. आता माती भरून फरशी उचलली तर डिसेंबरची मोजणी आणि मार्चची मोजणी दोन वेगळ्या घरांच्या होतील.

आईला हे समजावलं. ती म्हणाली, की पाणी काय तुझ्या कोर्टाला विचारून येतं का? मग म्हणाली, समुद्राला एक नोटीस पाठव, पत्ता मी देते.

गल्लीत दर चार-पाच वर्षांनी सगळे फरशी उचलतात. आईची चार वेळा उचलून झाली. छत मात्र तिथेच राहतं. आमच्या दारातून आता वाकूनच आत जावं लागतं. नव्या पाहुण्यांना वाटतं आम्ही फार नम्र आहोत. हा उपाय नव्हे. ही सवय.

पाक रोजिकिन समोरच राहतात; 'पाक' आमच्याकडे वडीलधाऱ्या पुरुषाला म्हणतात. डोंगराकडून माती आणतात, अर्ध्या गल्लीच्या फरशा त्यांनीच उचलल्यात. ते म्हणाले, "रद्द केलीस तर रांगेत शेवटी जाशील, पोरी. मग मला मामा, काका काहीही म्हण, नंबर पुढे यायचा नाही." मी म्हटलं, गरज पडणार नाही. मी आवाज चढवला नव्हता. मागच्या गल्लीपर्यंत ऐकू गेलं असं ते म्हणतात. त्यांना वाढवून सांगायची सवय आहे.

संकल्प: अर्ज ३१ डिसेंबरपूर्वी. निकाल मार्चमध्ये. दर रविवारी मोजणी. ऑफिसात या विषयावर बोलणार नाही.

३० डिसेंबर

अर्ज दाखल. अर्जदार क्रमांक एक आई, क्रमांक दोन मी. ४६ पानं, त्यात २२ तक्ते.

ऑफिसात गालिहला दाखवला. (संकल्प मोडलेला नाही. तो जेवणाच्या सुट्टीत भेटला.) तो शेजारच्या टेबलावर बसतो आणि घटना न्यायालयाचे निकाल वाचायचा त्याला नाद आहे. म्हणाला, "तक्ते इतके सुरेख आहेत, की सरकार फ्रेम करून लावेल. पण तुझं नुकसान काय झालं, ते कुठल्या पानावर आहे?" मी म्हटलं, बावीसही तक्त्यांत आहे. तो म्हणाला, तेच तर. कोर्ट आधी कायदा बघत नाही, आधी तुला बघतं. तुझं काही बिघडलं नसेल, तर कायदा कितीही वाईट असो, दार उघडत नाहीत.

गालिहची मोजणी नेहमी दोन मिलिमीटर चुकते. त्याच्या मताला तेवढंच वजन.

१९ जानेवारी, रविवार

पाणी ५ सेंटिमीटर, साडेचार तास. आईच्या पायाच्या बोटांत चिखल्या झाल्यात. मलम दिलं. तिची मासे धुरी देऊन टिकवायची चूल विटांवर चढवली. हा भराव नाही, विटा काढता येतात. वहीत तशी टीप केली.

आईने विचारलं, आणखी किती दिवस? मी म्हटलं, मार्च. ती म्हणाली, "बरं. तोवर पाय काढून खुंटीला टांगते."

६ फेब्रुवारी

पहिली सुनावणी. राजधानीला रात्रीच्या गाडीने गेलो. आईने वाटेसाठी धुरावलेला मासा बांधून घेतला होता. डब्यातल्या लोकांनी खिडकी उघडायला लावली.

तीन न्यायाधीश. मधल्यांनी माझे तक्ते स्वतः उलटून पाहिले आणि तीन प्रश्न विचारले. ज्यात रस नाही, त्यावर कुणी तीन प्रश्न विचारत नाही.

त्यांचे शब्द: "बाई, तुम्ही पाण्याचं बारकाईने मोजमाप केलंय. आता एवढंच सांगा, तुमची जमीन पाण्याखाली आहे, की नाही?" मी सांगितलं, की ते वेळेवर अवलंबून आहे. ते म्हणाले, तेच स्पष्ट करून आणा, चौदा दिवस देतो. म्हणजे अर्ज सुधारून आणायला सांगितलं, फेटाळला नाही. उत्तम चिन्ह.

मग त्यांनी आईला विचारलं, तुम्हाला काही सांगायचंय का. मी आईला गाडीत तीन वाक्यं पाठ करून दिली होती. ती उभी राहिली आणि म्हणाली, "घरात पाणी येतं साहेब. पण माती टाकली की येत नाही. ही मुलगी टाकू देत नाही."

मागे कुणीतरी हसलं. न्यायाधीशांनी काहीतरी लिहून घेतलं. बहुधा तारीख.

१९ फेब्रुवारी

सुधारित अर्ज पाठवला. 'आहे की नाही' याचं उत्तर एका वाक्यात दिलं: सतरा क्रमांकाची जमीन दिवसातून सरासरी ४.६ तास पाण्याखाली असते आणि १९.४ तास नसते. यापेक्षा स्पष्ट लिहिता येत नाही.

गालिहने वाचून डोक्याला हात लावला. म्हणाला, "एकदा तरी गोल गोल लिही ना, वेनिंग! त्यांना तुझी घड्याळं नकोत, तुझं रडगाणं हवंय." मी रडगाणं लिहीत नाही.

२ मार्च, रविवार

रमजानचे उपास सुरू झाले. त्याआधीच्या पंधरवड्यात पाक रोजिकिनच्या माणसांनी गल्लीतली अकरा घरं उचलली, आणि सगळ्यांनी मिळून रस्ताही. चाळीस सेंटिमीटर. मला हे अपेक्षित होतं. माझ्या नोंदींवर परिणाम नाही, माझी फरशी जागेवरच आहे.

आई म्हणाली, आता रस्त्यावरून घरात यायचं म्हणजे विहिरीत उतरल्यासारखं वाटतं. अतिशयोक्ती. पायरी फक्त ४१ सेंटिमीटरची आहे.

३१ मार्च, ईद

पाहुणे आले, पण बसले पाक रोजिकिनच्या ओसरीवर. आईने मोठ्यांना नमस्कार करायला मला तिकडे नेलं. पद्धतीप्रमाणे मी सगळ्यांची वर्षभराच्या चुकांसाठी माफी मागितली. पाक रोजिकिन म्हणाले, "माफ केलं. नंबर मात्र शेवटचाच." सगळे हसले. आईही. तिने हसायला नको होतं.

निकाल मार्चमध्ये आला नाही. मार्च हा माझा अंदाज होता, त्यांचं आश्वासन नव्हतं.

६ एप्रिल, रविवार

एक गोष्ट तपासायला हवी.

शुक्रवारी, ४ तारखेला, सकाळी ५.४० च्या ओहोटीला पाणी उतरलं नाही. शनिवारी नाही. आज नाही. कारण साधं आहे: चहूबाजूंना उंच जमीन आणि मध्ये आपण. शेजाऱ्यांचं सांडपाणीही आता आपल्याकडेच येतं. घर वाटीसारखं झालंय. पाणी १४ सेंटिमीटर, चोवीस तास.

मोजणीच्या वहीत पान ४१ वर नोंद केली: 'सलग पाणी, प्रारंभ ४ एप्रिल.'

लिहून झाल्यावर पेन खाली ठेवलं. 'सलग' हा शब्द कलम ३१ मधला आहे.

डिसेंबरात हे कलम आम्हाला लागू नव्हतं.

७ एप्रिल

न्यायालयाला पुरवणी पत्र पाठवलं, नव्या नोंदीसह. हा पुरावा निर्णायक आहे. एका अर्थी बरंच झालं.

११ एप्रिल

उत्तर आलं. सुधारणेची मुदत २० फेब्रुवारीला संपली, त्यानंतरचे कागद पाहिले जात नाहीत.

१८ मे, रविवार

पाणी २३ सेंटिमीटर. आई आता पाक रोजिकिनच्या ओसरीवर झोपते आणि मासेही तिथेच धुरावते. मी तिला म्हटलं, अर्जदाराने अर्जातल्या पत्त्यावर राहावं. तिने चुलीतलं लाकूड पुढे सारलं. मग म्हणाली, "तुझे बाबा चार वेळा माती घालताना एकदाही भांडले नाहीत माझ्याशी. अडाणी होते ना."

चिखल्या दुसऱ्या पायालाही. मलम तेच.

२७ मे

निकाल. ऑफिसच्या स्क्रीनवर पाहिला. आमच्या वाट्याला नऊ मिनिटं.

अर्ज फेटाळला नाही. 'दाखल करून घेता येत नाही.' फरक महत्त्वाचा आहे.

कारण: 'अर्जदारांच्याच तक्त्यांवरून दिसते, की जमीन दिवसातील १९.४ तास कोरडी असते. भराव घातल्यास पाणी येत नाही, असे अर्जदार क्रमांक एक यांनी स्वतः सांगितले आहे. सबब कलम ३१ मुळे अर्जदारांची हानी होत नाही, आणि या कलमाविरुद्ध दाद मागण्याचा त्यांना अधिकार नाही.' कलम योग्य की अयोग्य, यावर एक ओळही नाही. तिथपर्यंत ते गेलेच नाहीत.

माझे आकडे त्यांनी दशांशापर्यंत बरोबर वापरले होते.

गालिहने चहा आणून ठेवला. मग म्हणाला, "आता पाणी उतरतच नाही ना? मग आता तुझी हानी पक्की आहे. वर्ष भरू दे आणि पुन्हा अर्ज कर. या वेळी दार उघडतील."

मी विचारलं, वर्ष भरल्यावर जमीन कुणाची असेल?

तो म्हणाला, हां. तेही आहेच.

५ जून

जमीन कार्यालयाची नोटीस. गल्लीतल्या घरांची मोजणी २३ जूनला. ज्यांच्या घरात पाणी उभं असेल, त्यांनी ते कधीपासून आहे हे सांगायचं आणि लेखी पुरावा असल्यास जोडायचा.

पुरावा गल्लीत एकाच घराकडे आहे.

७ जून, सकाळी

पान ४१ काढून टाकलं. कारण: ओलं झालं होतं.

पाक रोजिकिनना चिठ्ठी लिहिली. नक्कल इथे ठेवते.

'पाक रोजिकिन,
घर क्रमांक सतरा. फरशी पन्नास सेंटिमीटर उचलायची आहे. चुलीची जागा आधी करावी. डिसेंबरात तीन ट्रक पुरले असते, आता पाच लागतील. मोजणी २३ जूनला आहे, त्याआधी घर कोरडं हवं. रांगेत माझा नंबर शेवटचा आहे, हे मला माहीत आहे. आई तुमच्याच ओसरीवर आहे, पण तिला विचारू नका, मला सांगा. जमेल की नाही, ते कृपया १२ जूनपर्यंत कळवा.
वेनिंग'