जपानी चटणी

बाबा,

आज सकाळी तीन वेळा तीळ भाजले. पहिल्यांदा करपले, दुसऱ्यांदा कच्चे राहिले, तिसऱ्यांदा कुठे जमले. तुमच्या सुनेनं काल कितीतरी दिवसांनी स्वतःहून काही खायला मागितलं. दोन महिने तिची औषधं चालू आहेत. तोंड कडू पडलंय, फोडणीचा वास आला तरी मान फिरवते. मी मऊ भात करतो, पेज करतो, दुधी वाफवून देतो, आणि त्यातलं अर्ध्याहून जास्त परत ओट्यावर येतं. मुलीचा रोज फोन येतो, आईला आग्रह करून भरवा म्हणते. आग्रह करायलाही अंगात जोर लागतो, हे तिला कसं सांगू? काल संध्याकाळी ही भिंतीकडे तोंड करून पडली होती. तशीच म्हणाली, "बाबांची ती जपानी चटणी कोबीला लावून दिलीत तर खाईन." मी "करतो" म्हणालो. मग पेणच्या बाजारात जाऊन तीळ आणले, कोबी आणला, सोया सॉस आणला, आणि आज ओट्याशी उभा राहिल्यावर लक्षात आलं की एवढी वर्षं मी ही चटणी एकदाही केलेली नाही.

रोह्याला कंपनीच्या गेस्ट हाऊसवर तुम्ही स्वयंपाकी होतात. मशिनरी बसवायला चार जपानी इंजिनियर आले होते, त्यांतला जो वयानं मोठा होता तो काहीच खाईना. भात आणि बारीक चिरलेला कच्चा कोबी, एवढंच. त्या कोबीवर तो घरून आणलेल्या बाटलीतलं घट्ट, फिकट तपकिरी काहीतरी ओतायचा. तीन आठवड्यांत बाटली संपली, आणि मग तो भातही टाकायला लागला. मी तेव्हा शेजारच्या प्लांटमध्ये शिफ्टला होतो. दुपारी तुमच्याकडे डोकावलो तर तुम्ही ती रिकामी बाटली उलटी धरून तळाचा थेंब बोटावर घेत होता. डोळे मिटून तुम्ही तो जिभेवर घोळवलात आणि म्हणालात, "तीळ हाय. आंबट हाय, पन लिंबू नाय. गोड हाय. आनि मागून कायतरी खारट येतंय, ते मिठाचं नाय." मिठाचं नाही, हे तुम्ही सांगावं आणि मी मान डोलवावी. तुमचं लहानपण मिठागरात गेलेलं, मीठ तुम्ही कधी चाखून घातलंच नाही, ते तुमच्या हाताला कळायचं.

आठ दिवस तुमचा खटाटोप चालला. तीळ भाजून पाट्यावर लोण्यासारखे वाटायचे. अंड्याच्या पिवळ्या बलकात तेल थेंब थेंब सोडत घोटायचं, घाई केली की फाटतं. मग व्हिनेगर, साखर, आल्याचा रस, आणि पनवेलच्या एका चायनीज हॉटेलवाल्याकडून मागून आणलेला सोया सॉस. मागून येणारा खारटपणा तो होता. नवव्या दिवशी तो म्हातारा इंजिनियर जेवता जेवता थांबला, काड्या खाली ठेवल्या, थेट स्वयंपाकघरात आला आणि कमरेतून वाकला. तुमच्या हातात डाव होता. तुम्हीही डावासकट वाकलात. ही गोष्ट तुम्ही गावी मिठागरापासून एस. टी.तल्या अनोळखी माणसापर्यंत सगळ्यांना सांगितलीत. मला तेव्हा थोडी लाज वाटायची. आता वाटतं, अजून चार जणांना सांगायला हवी होतीत.

त्याच वर्षी हिला दिवस गेले. रोह्याच्या आपल्या त्या दोन खोल्यांत ही दिवसभर उलट्या करायची. आई गावी शेताच्या मागे, मी शिफ्टला. तुम्ही संध्याकाळी सायकलवरून यायचात, रात्रीच्या स्वयंपाकाला परत जायच्या आधी स्टीलचा छोटा डबा दारातूनच पुढे करायचात. "गो, जपानी चटनी हाय. कोबीला लावून बघ, नाय आवडली तर मला दे." ती पोटात ठरली. हिला काल तीच आठवली, यात नवल नाही.

मग तुम्हाला तो ताप आला. पंधरा दिवसांनी उठलात, सगळं पूर्ववत झालं, फक्त वास गेला आणि वासाबरोबर चवही. तिखट झोंबलेलं कळायचं, खारट-गोड थोडं कळायचं, बाकी सगळं तुमच्या भाषेत "भुशावानी." तुम्ही कोणाला सांगितलं नाहीत. मला सांगितलंत ते गेस्ट हाऊसच्या मागच्या नळावर, आजूबाजूला कोणी नाही ना बघून. "कूक म्हनून ठेवलाय मला. वास येत नाय म्हटलं तर काय दारात उभा करतील?" मग ठरलं की पहिली शिफ्ट सुटली की मी मागच्या दारानं यायचं आणि रात्रीच्या जेवणातलं सगळं चाखून सांगायचं. दुसरी शिफ्ट असली तर मधल्या सुट्टीत निसटून यायचं, रात्रपाळी असली तर झोपेतून उठून यायचं. दीड वर्ष मी आलो. आमटी, रस्सा, खीर, चटणी. तुम्ही चमचा पुढे करायचात आणि माझ्या तोंडाकडे असं बघायचात, जसं परीक्षेला बसलेलं पोर मास्तरांकडे बघतं. "आंबट कमी हाय?" "थोडं." "आता?" "आता बरोबर." कोणाला कधी शंका आली नाही. साहेब म्हणायचे, आजारातून उठल्यापासून तुमच्या हाताला आणखी चव आली.

तो दिवस मी आजवर कोणाला सांगितलेला नाही. पावसाळा होता, नवी जपानी मंडळी आली होती, बरोबर त्यांचा मोठा साहेब. माझा रिलीव्हर आला नाही म्हणून मी लागोपाठ दोन शिफ्ट करून आलो होतो. डोळे उघडत नव्हते. तुम्ही रस्सा चाखायला दिलात, मी चाखला. भात दाखवलात, पाहिला. मग चटणीचा चमचा पुढे केलात. मी तो ओठांना लावला, बाबा. फक्त लावला. "बरोबर हाय," म्हणालो आणि मागच्या बाकावर जाऊन आडवा झालो.

तीळ खवट झाले होते. पावसात डब्याचं झाकण सैल राहिलं असेल. ज्याला नाक आहे त्याला डबा उघडतानाच कळलं असतं. मला जाग आली ती मॅनेजरच्या आवाजानं. पाहुण्यांनी पहिल्याच घासाला चमचे खाली ठेवले होते. मॅनेजर वाटी घेऊन आत आला होता, त्याच्यामागे दोन वाढपी. "तुम्ही चाखली होती ही?"

"व्हय साहेब."

"आता चाखा."

मी बाकावर उठून बसलो होतो. दार अर्धं उघडं होतं. मी आत जाऊन सांगू शकलो असतो, चूक माझी आहे म्हणून. तुम्ही चमचाभर चटणी तोंडात घातलीत, घोळवलीत, गिळलीत, आणि खरोखर विचार करून म्हणालात, "बरी हाय, साहेब."

कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं. मॅनेजर वाटी ओट्यावर ठेवून अगदी हळू आवाजात म्हणाला, "कधीपासून?"

तुम्हाला काढलं नाही. चहाच्या खोलीत बसवलं. ऑफिसात साहेबलोकांना चहा द्यायचा, पाहुणे आले की बिस्किटं. "च्याला नाक लागत नाय," असं तुम्हीच म्हणालात. त्या दिवशी घरी जाताना तुम्ही सायकल हातात धरून चालत होता. पुलापाशी थांबलात आणि विचारलंत, "तुला काय लागला नाय का खवट?" रागानं नाही. तुम्हाला खरंच जाणून घ्यायचं होतं. मी म्हणालो, "नाय. मला तर बरी लागली."

तुमचा चेहरा उतरला तो तेव्हा, मॅनेजरसमोर नाही. तुम्हाला वाटलं, माझंही नाक गेलं.

मग सुरू झालं ते मला आजही आठवलं की उठून फेऱ्या माराव्याशा वाटतात. प्लांटच्या वासानं पोराचं नाक मेलं, हे तुमच्या डोक्यात पक्कं बसलं. रविवारी तुम्ही मला पॅसेंजरनं पेणला डॉक्टरकडे घेऊन निघालात. निडी स्टेशनात एक बाई सुकटीची पाटी घेऊन डब्यात चढली, आणि तुम्ही माझ्याकडे वळून विचारलंत, "वास येतो?" सगळा डबा नाकाला पदर लावून बसलेला. मी म्हणालो, "थोडा." तुम्ही मान हलवलीत आणि पेण येईपर्यंत खिडकीबाहेर बघत बसलात. डॉक्टरांनी मला डोळे मिटायला लावून नाकाशी कापूर धरला, हिंग धरला, लवंग धरली. मी प्रत्येक वेळी थोडा थांबून उत्तर दिलं. डॉक्टर म्हणाले, नाक साफ आहे, काही दोष नाही. तुमचा विश्वास बसला नाही. पुढे कितीतरी महिने तुम्ही रोज सकाळी माझ्या नाकात कोमट तुपाचे दोन थेंब सोडलेत. मी बाप झालो होतो, आणि चटईवर मान मागे टाकून तुमच्यापुढे पडून राहायचो. "आज येतो का?" तुम्ही विचारायचात. "कालच्यापेक्षा जास्त येतो," मी सांगायचो. तेवढ्यावर तुमचा दिवस बरा जायचा. शेवटच्या दुखण्यातसुद्धा तुम्ही हिला बजावलंत, "त्याच्या नाकाकडं लक्ष दे गो." ही म्हणाली, "देते बाबा."

तेव्हा सांगितलं असतं तर तुम्ही काय म्हणाला असतात? शिवी दिली असतीत, दोन दिवस बोलला नसतात. एवढंच. पण आधी लाज होती, मग तुपाचे थेंब सुरू झाले, आणि ते सुरू झाल्यावर सांगणं आणखी अवघड झालं. प्रत्येक सकाळी खोटं थोडं जड व्हायचं.

आज मी बलक घेतला नाही. हिला कच्चं काही द्यायचं नाही असं डॉक्टरांनी बजावलंय. सकाळीच दही फडक्यात बांधून चक्का केला, त्यात वाटलेले तीळ, साखर, व्हिनेगर, सोया सॉस. तेल एकदम ओतलं तर ते वर तरंगायला लागलं. मग दुसरं भांडं घेऊन थेंब थेंब सोडत घोटत बसलो. खांदा भरून आला. कोबीही वाफवून घेतला. दुपारी तिच्यापुढे वाटी ठेवली. तिनं तीन घास खाल्ले, थांबली, आणखी दोन खाल्ले. "बाबांची जरा पातळ असायची," म्हणाली. मग बोटानं वाटी पुसून घेतली. दोन महिन्यांत पहिल्यांदा वाटी रिकामी होऊन ओट्यावर आली.

हे पत्र कुठं टाकायचं नाही, आणि हिलाही दाखवणार नाही. ती उठली की हे कागद तांदळाच्या डब्याखाली जातील. फक्त एक राहिलंय. तुम्हाला चहाच्या खोलीत बसवलं त्याच्या दुसऱ्या दिवशी माझी शिफ्ट तीनला सुटली, आणि मी गेस्ट हाऊसकडे न वळता सरळ घरी जाऊन झोपलो. उद्यापासून यायला नको, एवढंच मनात होतं. मला बरं वाटलं होतं, बाबा. आणि आज वाटी परत देताना ही म्हणाली, "उद्या नका करू, दमता तुम्ही," तेव्हाही अगदी तसंच बरं वाटलं.