माझा चौथा राजीनामा

३ फेब्रुवारी, सकाळ
बोर्डाकडे राजीनामा पाठवला. चौथा. बायबल कॉलेजच्या प्राचार्याने अधूनमधून राजीनामा द्यावाच. लोकांना किंमत कळते. आधी तिन्ही वेळा अख्खं बोर्ड घरी येऊन रडलं. सत्तावीस वर्षांची सेवा म्हणजे काय चेष्टा? यंदा दोन दिवस ताणायचं, मग विरघळायचं. मेसच्या बुधरीबाईला दूध जास्त ठेवायला सांगितलं. कोण येऊन राह्यलं, म्हणाली. सगळे, म्हटलं.

५ फेब्रुवारी
कोणी आलं नाही. अख्खं ब्रह्मपुरी गाव धक्क्यात आहे. दुधाला विरजण लावलं.

८ फेब्रुवारी, रविवार
चॅपलमध्ये दीड तास प्रवचन. विषय: मेंढपाळाविना कळप. आलापल्लीकडच्या जंगलातल्या माझ्या सेवेचं उदाहरण दिलं. जीप, भोंगा आणि मी. तिथला लालसूभाऊ एकदा म्हणाला होता, तुमी आले का आमचं मोहफूल वेचाचं राहून जाते. इतके तल्लीन होत! धर्म कोणी बदलला नाही, पण तल्लीनता महत्त्वाची. आजही मागच्या बाकावर तिघं डोळे मिटून होते. प्रार्थनेत असावेत.

१० फेब्रुवारी
बोर्डाचे सेक्रेटरी बापूराव आले. अखेर! मुद्दाम व्हरांड्यात ताटकळत ठेवलं. आरशासमोर चेहरा थकलेला करून बाहेर गेलो. ते उभ्याउभ्याच म्हणाले, "सर, राजीनामा मंजूर झाला."

मी विचार बदलू शकतो, म्हटलं.

"आता काऊन सर? एकमतानं झाला ना."

मग मागे तीनदा रडलात ते काय होतं, विचारलं. बापूराव चपलेकडे बघत म्हणाले, "तुमच्या घरच्या बाई आमच्या घरोघरी येऊन हात जोडत होत्या, सर. तिन्ही खेपेला. यायले दुसरं काईच येत नाई, घरी बसून मरून जातीन म्हणे. आता बाईच राह्यल्या नाई."

ज्योत्स्नाला जाऊन दोन वर्षं झाली. नवऱ्याला न विचारता घरची गोष्ट चव्हाट्यावर! असती तर चांगलं सुनावलं असतं.

जेवलो नाही. निषेध म्हणून.

१४ फेब्रुवारी
निरोप समारंभ. नव्या प्राचार्य दीपाली मॅडम. अकरा वर्षं मी त्यांना प्रवचनाला पुलपिटवर चढू दिलं नव्हतं, बाईचा आवाज मागपर्यंत जात नाही म्हणून. आज चारच मिनिटं बोलल्या. "सर आता आराम करतील," या वाक्याला मागची पोरं उभी राहून टाळ्या वाजवत होती. दुःखात माणसाला भान राहत नाही.

मग मी. पाऊण तासाने लाइट गेली. थांबलो नाही. अंधारात शब्द खोल जातात. लाइट आली तेव्हा हॉलमध्ये खुर्च्या होत्या. बाहेर पंगत बसलेली. बुधरीबाईने दारातून हाक मारली, "सर, झालं असन तं या, वरण थंडं होऊन राह्यलं."

१ मार्च, रविवार, घुग्घुस
मुलगा प्रफुल्लकडे राहायला आलो. कोळशाची धूळ चहातसुद्धा. आज त्याच्या मोटरसायकलवर चर्चला गेलो. रस्ता चुकू नये म्हणून गाडी मीच चालवली आणि शोभेल अशा जागी, फाटकासमोर, लावली. इथला पास्टर आदेश माझाच विद्यार्थी. प्रवचनाच्या पेपरात मी त्याला दोनदा नापास केलं होतं. तो विसरलेला नसणार. पुलपिट मिळणार, खात्री होती. गीतानंतर त्याने खरंच मला पुढे बोलावलं. कोट नीट केला. म्हटलं, "प्रिय बंधुभगिनींनो, अरण्यात जेव्हा..."

आदेशने कोपर धरलं. हळूच म्हणाला, "सर, बाकी काई नाई. फाटकापुढं काळी मोटरसायकल उभी हाय, ट्रक अडकला. तेवढं सांगा. तुमचा आवाज मोठा हाय."

सांगितलं. कोणी उठेना. दुसऱ्यांदा सांगितलं, अधिक भावनेने. पहिल्यांदाच अख्खा जमाव कान देऊन ऐकत होता.

तिसऱ्यांदा सुरू करणार, तोच प्रफुल्ल पुढे येऊन म्हणाला, "बाबा, आपलीच हाय. चावी तुमच्या खिशात हाय."