टेबलाखालची शेळीबाई

३ नोव्हेंबर

लग्नानंतरचं पहिलंच वर्ष. ह्यांचा फाटका मोजा हातात घालून मी रफू करत होते, तर मोजाच बोलू लागला — "अहो, पाय धुता की नाही?" हे हसून हसून खाटेवरून पडले! पुढे मी त्याच मोज्याला शिंगं शिवली, त्याची शेळीबाई झाली, आणि हे टीव्हीवरचे गोष्टीमामा. अठरा वर्षं दर रविवारी हे टेबलामागे, मी टेबलाखाली. हात माझा, आवाज माझा. कार्यक्रमाच्या पाटीवर नाव ह्यांचं.

कार्यक्रम बंद होऊन वर्षं लोटली, आणि आज वाहिनीचा फोन. वर्धापनदिनाला थेट कार्यक्रम. "मामा, शेळीबाई हवीच!" तेव्हापासून हे हवेत.

४ नोव्हेंबर

"तुला कुठे नेऊ? गुडघे बघ जरा! वाहिनीवाले एक बाई देतायत. तिला शिकव, काय मोठं आहे त्यात?"

काय मोठं! जळलं मेलं ते मामापण.

७ नोव्हेंबर

ती बाई आली. पस्तिशीची, गोड. बाहुल्या नाचवते. मनगट छान वळतं. आमच्या शाळेतल्या सिस्टर सांगायच्या तेच तिला सांगितलं — ओरडू नकोस, शब्द नीट उच्चार, आवाज शेवटच्या बाकापर्यंत जातो. मग शेळीबाई होऊन चार वाक्यं बोलले. ती बघतच राहिली.

"काकू, तुम्ही? मामा तर म्हणाले, आवाज तेच काढायचे. आता घसा साथ देत नाही म्हणून मी!"

रात्री ह्यांना विचारलं. "लोकांना काय करायचंय? एकाच घरातलं तर आहे!"

म्हटलं, कार्यक्रमात एकदाच सांगा. आवाज हिचा होता — एवढंच.

८ नोव्हेंबर

"बघू" म्हणालेत.

१२ नोव्हेंबर

घरी बसून पाहिलं. निवेदिकेनं विचारलं, "आवाज कोणाचा हो?" मी खुर्चीच्या कडेला सरकले.

"माझाच!"

"मग दोन शब्द होऊन जाऊ देत!"

हे खाकरले. आणि म्हणाले — "बेंऽ." नुसतं बेंऽ! अठरा वर्षांत आमची शेळीबाई एकदाही बेंऽ म्हणाली नव्हती. ती बोलायची!

घरी आले, पुष्पगुच्छ माझ्या हातात कोंबला. "पाण्यात ठेव. जेवायला काय आहे?"

१३ नोव्हेंबर

टॅक्सी खाली उभी आहे. ताईकडे चालले, राहायलाच. शिलाई मशीन शेजारच्या सुनेला. रेशमी साड्या भाचीला, हिरवी सोडून. शेळीबाई त्या बाहुलीवाल्या बाईला. संध्याकाळी न्यायला येईल, तिला अडवू नये. ह्यांना घर, टीव्ही. शेगडी कशी पेटवायची ते ओट्यावर लिहून ठेवलंय.