सेनापतीचा खोकला

क्रायमिया, मार्च १८५५

प्रिय लव्हिनिया,

मी ठणठणीत आहे. आपली कुत्री व्याली का? तू थंडीत बागेत फिरत नाहीस ना?

काल जेवणानंतर राणीसाहेबांच्या नावाने पेला उचलायला उठलो, तर लंडनहून आलेल्या जनरल फेनविकने माझ्याआधी उचलला. तो मान सेनापतीचा, म्हणजे माझा. माझे अधिकारी ताटात बघत राहिले.

"रात्रीचा खोकला वाईट हो, लॉर्डसाहेब," तो म्हणाला. "आता घरी जाऊन आराम करा."

आपल्यात उमरावाला काढून टाकत नाहीत, आजारी ठरवतात.

तुझ्या भावाने मंत्र्यांचे कान भरले असणार, त्याचं मला नवल नाही. पण खोकल्याचं मी फक्त तुला कळवलं होतं.

तुझ्याच कृपेने आजारी,
एडमंड