नंदनवनाची पोथी आणि माझी पानथरी

वडगाव, बेळगाव
भाद्रपद वद्य दशमी, शके १८५७

तीर्थरूप मारुतीराव दाजींच्या चरणी धाकटा मेहुणा सुबराव याचा दंडवत. इकडे आम्ही सगळे, माझी तापाने सुजलेली पानथरी (बरगडीखालची प्लीहा) धरून, खुशाल आहोत. तुमचा दमा कसा आहे? निपाणीच्या तंबाखूच्या वखारीत बसून दम्याला उतार पडत नाही हे मी जाणतो, आणि म्हणूनच दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी आक्काला आणि तिन्ही लेकरांना घेऊन खानापूरच्या रानातल्या ‘नंदनवन’ वसाहतीत कायमचे राहायला जाण्याचे तुम्ही ठरवले, हे तुमच्या पत्रावरून कळले. वाचून आनंद झाला असे लिहिण्याची रीत आहे. मला झाला नाही, म्हणून लिहीत नाही.

तुम्ही लिहिता की मी गेल्या साली तिथून पाच महिन्यांत परत आलो तो दोष माझ्या पोटाचा, जागेचा नव्हे, कारण छापील पत्रकात सगळे स्वच्छ लिहिलेले आहे. दाजी, ते पत्रक माझ्याकडेही आहे आणि त्यात एक अक्षर खोटे नाही. दूध आहे म्हणतात, ते आहे. वसाहतीत एक म्हैस होती, ती मुकादमाची, आणि मुकादम सोडून कोणालाही जवळ येऊ देत नसे (दोघांचा स्वभाव चांगला जुळत असे). मध आहे, पण तो साठ हात उंच झाडावर. गार वारा तर विचारूच नका, घरातल्या घरात मिळतो, कारण भिंती कारवीच्या आणि त्यांना लिंपायला माती लावतो म्हणणारा लाकडाचा ठेकेदार, ज्याने तोडीसाठी ही वसाहत वसवली, तो पावसाआधी येणार होता तो पावसानंतरही आला नाही. मृगापासून ओढा भरला की चार महिने बाहेर यायला वाट नाही. पत्रकात याला ‘जगाच्या कटकटीपासून दूर’ असे म्हटले आहे. लिहिणारा मोठा हुशार माणूस असला पाहिजे, त्याला एकदा तिथे राहायला पाठवावे अशी माझी फार इच्छा आहे.

आता माझ्या पुस्तकाविषयी. तुमच्या कानावर ते भलत्याच रूपात आले आहे म्हणून खरे काय ते सांगतो. परत आल्यावर पाहतो तो आमच्या गल्लीतली सात घरे नाव नोंदवून बसलेली. गिरणीच्या कापडाने हातमाग बसले, तेव्हा माणूस कुठे तरी जाणारच. मी प्रत्येक दारात जाऊन सांगू लागलो, पण मागावर बसलेला माणूस तुमचे ऐकत नाही, त्याला धोट्याचा आवाज ऐकू येतो. आमच्याकडे माग थांबतात ते फक्त श्रावणात, दुपारी, पोथी लागल्यावर. तेव्हा मी विचार केला की आपणही सगळी हकिकत ओवीत लिहावी, पाच अध्याय करावेत आणि श्रावणात वाचावी. दाजी, आयुष्यात मी पुष्कळ चुका केल्या, पण एवढी मेहनत घेऊन केलेली ही एकच.

पहिल्याच दिवशी बाळाबाईने (आमच्या शेजारची, तुम्ही तिच्या हातची शेंगोळी खाल्ली आहेत) माझ्या वहीला हळदकुंकू लावले. दुसऱ्या अध्यायात पायाला जळवा लागतात, तिथे लोक डोळे मिटून डोलू लागले. तिसऱ्या अध्यायात तांदळात अळ्या निघतात, तिथे मागून कोणी तरी “अहाहा” म्हणाले. मी आवाज चढवला तर म्हणाले, आज सुबरावाचा गळा लई लागलाय. चौथ्या दिवशी फुटाणे आणि खोबरे आले. वाचन संपल्यावर बाळाबाई म्हणाली, “व्हय रं सुबराव, समदं ग्वाड झालं, पर फलश्रुती कुठं हाय? ही पोथी वाचून फळ काय गावतंय?”

मी म्हणालो, “ताप.”

“कुनाचा जातोय?”

“जात न्हाई बाळाबाई, येतोय.”

तर म्हणते कशी, पोथीची थट्टा करू नगंस. आणि याहून वाईट म्हणजे, ज्या जागेची पोथी आहे ती जागा काही साधी नसणार, असे म्हणून त्याच संध्याकाळी आणखी दोन घरांनी नाव नोंदवले. गल्लीत नावे नोंदवत फिरणारा वसाहतीचा तोच मुकादम, यमनाप्पा, स्वतः नारळ घेऊन मला भेटायला आला. वही छापून घेऊ म्हणाला, फक्त शेवटी चार ओव्या फलश्रुतीच्या घाल, हे वाचणाऱ्याला तिथे सुख मिळते एवढ्याच. मी नारळ परत दिला. (बायको अजून त्या नारळाबद्दल बोलते.)

पाचव्या दिवशी पाटावर बसलो आणि वही मिटली. पाचवा अध्याय मष्णूचा होता. मष्णू माझ्या शेजारच्या मागावरचा, माझ्याबरोबरच गेलेला. मी त्याची ओवी म्हटली नाही. साध्या बोलीत सांगितले की मष्णू गेल्या सालच्या आषाढात तापाने गेला आणि त्या लाकडाच्या वसाहतीत त्याला जाळायला कोरडे लाकूड मिळाले नाही. छपराखाली कोरड्या ओंडक्यांची रास होती, पण प्रत्येकावर ठेकेदाराचा शिक्का मारलेला, आणि हा यमनाप्पा तिथे काठी घेऊन उभा होता. दोन दिवसांनी आम्ही आमच्या झोपडीचे वासे काढले. हे सांगताना मला रडू आले, ते मी लपवले नाही. मग सदरा वर केला आणि बाळाबाईला म्हणालो, ही पानथरी दाबून बघ. तिने पोट दाबले आणि हात चटका बसल्यासारखा मागे घेतला.

यमनाप्पा उठून ओरडला, “त्वांड बंद कर, न्हाईतर ठेकेदार तुझं हातपाय मोडंल!” मी म्हणालो, मोडू दे की, मी काय पायांनी बोलतोय? त्या दिवशी नऊ घरांपैकी आठ घरांनी आपली नावे काढून घेतली. नववे घर हट्टी आहे, त्याला मी रोज जाऊन पोट दाखवतो.

दाजी, तुम्ही वडील आहात, तुम्हाला शिकवण्याची माझी पायरी नाही. परंतु शहापूरचे लोकही बोलावतात, तिथे सांगणार आहे. निपाणीला तुमच्या वखारीसमोर उभे राहून सांगायला लागले तरी सांगेन, आणि तुम्हाला लाज वाटली तर तुम्ही आत बसा. दुधामधाच्या गोष्टी कोणीही लिहाव्यात. कारवीच्या भिंतीमागचे माणूस मी पाहिले आहे, मी गप्प बसणार नाही. आशीर्वाद असावा.

आपला आज्ञाधारक (या एका बाबतीत सोडून)
सुबराव

ता. क. एक विनंती करायची राहून गेली, खरे तर तेवढ्यासाठीच पत्र लिहायला बसलो होतो. तुम्ही ठरवलेली सामानाची गाडी बेळगावावरूनच पुढे खानापूरला जाते. ती खडेबाजारातून इकडे वळवावी आणि आक्काची ट्रंक, पाटा-वरवंटा व लेकरांची अंथरुणे आमच्या दारात उतरवावीत.

दुसरे ता. क. आक्का नागपंचमीला आली ती आठ दिवसांसाठी आली होती, आणि बांधाबांध करायला दसऱ्याआधी येते असे तिने तुम्हाला कळवले होते. ते कळवणे रद्द समजावे. मी तिला काही पढवलेले नाही. पाचव्या दिवशी ती दाराशी बसून ऐकत होती. उठताना एवढेच विचारले, “त्ये दोन दिस मष्णूला कुठं ठिवलतं रं?” मी म्हणालो, आमच्यातच, झोपडीत. दुसऱ्या दिवशी सकाळी तिन्ही लेकरांना घेऊन गेली आणि त्यांची नावे इथल्या शाळेत घालून आली.

तिसरे ता. क. हे ती सांगते आहे आणि मी लिहितो आहे. गाडीत सामानाशेजारी एका माणसाची जागा मोकळी ठेवावी. तुम्ही आलात तर जेवायला वाट पाहील. आणि गाडीवानाला निघतानाच सांगून ठेवावे, की पुढे जायचे नाही.