मोजलेली डोकी

व्हेनिस, मंगळवार

प्रिय बाबा,

महाल आणि जुना तुरुंग दाखवायचं काम जमतंय, काळजी नको. आठच पाहुणे असतात. दर दाराशी डोकी मोजायची, मगच कुलूप.

आज तुरुंगातून महालाकडे परतताना मधल्या पुलाशी सातच भरली! धावत मागे गेले, तर एक आजोबा कोठडीत निवांत बसलेले. म्हणाले, "राहू दे गं पोरी, घरी बायको इतकी शांतता देत नाही!"

तुम्ही तुरुंगातल्या पहाऱ्यावरून घरी आलात की जेवणाआधी आम्हा भावंडांची डोकी मोजायचात. मी चिडायचे, "शिपाईगिरी तुरुंगात ठेवून येत जा!" कुणी मागे राहू नये म्हणून मोजतात, हे आज कळलं.

गुडघा कसा आहे? नाताळात येतेय. लग्नाचं बोलायला तुल्लियोही येतोय, तेव्हा मोजताना एक डोकं जास्त धरा.

तुमच्या मोजणीतली पहिली,
ओर्नेला